हक्कांच्या घोषणा आणि बैलाचा खांदा

“आज शर्यत बंद पाडली, उद्या नांगर सोडायला लावतील, परवा गोठ्यातलं दूधही काढू देणार नाहीत.” बैलगाडा शर्यतीची बाजू घेणाऱ्या वक्त्याच्या हाती माईक आला की हे वाक्य थोड्याफार फरकाने येतंच, आणि टाळ्याही हमखास घेतं. दुसऱ्या टोकाला प्राण्यांसाठी कोर्टाची पायरी चढणारी मंडळी आहेत. त्यांच्यातला कडवा गट म्हणतो, चाबूक काढून घ्या, सावली करा, पशुवैद्य नेमा ही सगळी वरवरची मलमपट्टी. बैलाच्या मानेवरचं जू उतरत नाही तोवर काहीच बदललेलं नाही. हे दोघे एकमेकांचं तोंड पाहायला तयार नसतात. तरीही एका गोष्टीवर त्यांचं पक्कं एकमत आहे: प्राणीकल्याण ही प्राणीहक्कांकडे जाणारी पहिली पायरी. एकाला त्या पायरीची धास्ती वाटते, दुसऱ्याला ती फारच ठेंगणी वाटते, एवढंच.

माझा विरोध या एकमतालाच आहे. कल्याण आणि हक्क या एकाच जिन्याच्या पायऱ्या नाहीत. दोघांचे प्रश्न वेगळे, कसोट्या वेगळ्या आणि अनेकदा निकालही वेगळे. त्यांची गल्लत केल्यामुळे महाराष्ट्रात गेली दहा-बारा वर्षं बैलाच्या नावाने भांडण चाललंय आणि बैलाकडे मात्र कोणी वाकून बघत नाही.

आधी फरक नीट मांडू. माणूस जनावरं पाळणार, कामाला लावणार, त्यांचं दूध पिणार, काहींना मारून खाणारही, हे कल्याणाचा विचार गृहीत धरतो. त्याचा प्रश्न एवढाच: यात जनावराला सोसावं किती लागतं, त्यातलं टाळता येण्याजोगं किती, आणि ते टाळण्याची जबाबदारी कोणाची? हक्काचा विचार त्याच्याही मागे जातो. जनावर वापरायचा अधिकार माणसाला मुळात मिळाला कुठून, असं तो विचारतो. टॉम रेगन या अमेरिकी तत्त्वज्ञाने १९८३ साली हा विचार पद्धतशीर मांडला. आपलं आयुष्य बरं चाललंय की वाईट हे ज्या जिवाला स्वतःला जाणवतं, त्याचं मोल दुसऱ्याला होणाऱ्या उपयोगावरून ठरवता येत नाही, हे त्याचं सूत्र. या सूत्राने गेलं तर लाडाने पाळलेला, पोटभर खाणारा, कधी फटका न खाल्लेला बैलसुद्धा अन्यायच सोसतो, कारण तो दुसऱ्याच्या कामाला जुंपलेला आहे. गंमत अशी, की ज्या पीटर सिंगरच्या १९७५ सालच्या पुस्तकाला सगळे या चळवळीचा मूळ ग्रंथ मानतात, तो तत्त्वज्ञ म्हणून हक्कवादी नाहीच. सुखदुःखाचा हिशेब मांडणारा, जेरेमी बेंथमच्या घराण्यातला उपयुक्ततावादी आहे तो.

तेव्हा हा फरक मवाळ आणि जहाल असा नाही. हक्काचा निकाल जनावर न बघता लागतो; तिथे तत्त्व पुरेसं असतं. कल्याणाचा निकाल जनावर बघितल्याशिवाय लागूच शकत नाही. त्याचे खूर, त्याची कातडी, त्याचा श्वास, त्याची जागा, त्याच्यावरचं ओझं हे सगळं तपासावं लागतं, आणि ते रोज तपासावं लागतं. म्हणूनच कल्याणाची वाट अवघड आहे. तिला मवाळ म्हणणाऱ्यांनी ती कधी चालून पाहिलेली नाही.

आपला कायदा याच वाटेवरचा आहे. मुंबईत प्राण्यांवरच्या क्रौर्याविरुद्धची संस्था १८७४ सालीच निघाली होती. परळचं बाई साकरबाई दिनशॉ पेटिट रुग्णालय तिचंच. स्वातंत्र्यानंतर नृत्यांगना रुक्मिणीदेवी अरुंडेल यांनी राज्यसभेत खासगी विधेयक आणलं. सरकार स्वतःचा कायदा करील या आश्वासनावर त्यांनी ते मागे घेतलं आणि १९६० साली प्राण्यांना क्रूरतेने वागवण्यास प्रतिबंध करणारा कायदा झाला. त्याचं तिसरं कलम जनावर ज्याच्या ताब्यात आहे त्याच्यावर काळजीची जबाबदारी टाकतं. अकरावं कलम क्रौर्याचे प्रकार मोजतं. त्याच कलमात पुढे खच्चीकरण, डाग देणं, वेसण घालणं, खाण्यासाठी मारणं यांना अटींसह सूट आहे. अठ्ठाविसावं कलम धर्माने सांगितलेल्या पद्धतीने जनावर मारण्याला हात लावत नाही. याला कोणी हक्कांचा कायदा म्हणू शकत नाही. तो वरपासून खालपर्यंत कल्याणाचा कायदा आहे.

घोटाळा सुरू झाला तो २०१४ साली. केंद्राने ११ जुलै २०११च्या अधिसूचनेने वाघ, सिंह, अस्वल, माकड यांच्या जोडीला बैलही खेळासाठी वापरण्यास मनाई असलेल्या प्राण्यांत घातला होता. ७ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती मनाई उचलून धरली आणि तमिळनाडूतला जल्लिकट्टू व महाराष्ट्रातल्या शर्यती दोन्ही थांबवल्या. निकालाचा पाया पक्का होता: करमणूक ही गरज नव्हे, आणि करमणुकीसाठी दिलेली वेदना अनावश्यकच. १९६०च्या कायद्याच्या चौकटीत हे बसत होतं. पण न्यायालय तिथे थांबलं नाही. भूक-तहान, अडचणीची जागा, इजा-आजार आणि भीती यांपासून मुक्तता आणि स्वाभाविकपणे वागण्याची मुभा, अशी ‘पाच स्वातंत्र्यं’ त्याने पुढे आणली. राज्यघटनेच्या २१व्या कलमातल्या ‘जीविता’चा अर्थ जनावरांपर्यंत ताणला. संसद प्राण्यांच्या हक्कांना घटनात्मक दर्जा देईल, अशी अपेक्षाही व्यक्त केली.

ही पाच स्वातंत्र्यं आली कुठून, हे पाहण्यासारखं आहे. १९६४ साली रूथ हॅरिसन या ब्रिटिश लेखिकेने कारखानी पद्धतीच्या कोंबडी आणि वासरू-पालनावर पुस्तक लिहिलं. त्यावरून गदारोळ झाला, सरकारने ब्रँबेल समिती नेमली, १९६५ साली तिचा अहवाल आला आणि १९७९ साली शेतीतल्या जनावरांसाठी नेमलेल्या मंडळाने या पाच कलमांना आकार दिला. ती ज्या कोंबड्यांसाठी, डुकरांसाठी, वासरांसाठी लिहिली गेली, त्यांची अखेर खाटीकखान्यातच होणार होती, आणि लिहिणाऱ्यांना ते ठाऊक होतं. त्या अखेरीपर्यंतचं आयुष्य कसं जावं याची ती मोजपट्टी होती. आपल्याकडे मोजपट्टीचा झेंडा केला गेला.

झेंडा झाला की समोरून दुसरा झेंडा येतो. इथेही तेच झालं. जानेवारी २०१६ मध्ये केंद्राने सूट दिली, न्यायालयाने ती थांबवली. जानेवारी २०१७ मध्ये चेन्नईच्या मरीना किनाऱ्यावर लाखो लोक उतरले, तमिळनाडूने कायदा बदलला, पाठोपाठ महाराष्ट्रानेही बदलला. मुंबई उच्च न्यायालयाने शर्यती रोखल्या. १६ डिसेंबर २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्या पुन्हा सुरू करू दिल्या आणि १८ मे २०२३ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने राज्यांचे कायदे वैध ठरवले. नऊ वर्षं वाद कशावर झाला? संस्कृती मोठी की प्राण्यांचा हक्क मोठा, यावर. त्याच काळात आडरानात चोरून शर्यती होत राहिल्या. तिथे ना डॉक्टर, ना पंच, ना अंतराची मर्यादा. बंदीने बैलाला हक्क मिळाल्याचं कागदावर दिसत होतं, आणि कायद्याची उरलीसुरली नजर त्याच्यावरून उठली होती.

२०२३च्या निकालानंतर गुलाल उधळला गेला. घटनापीठाने स्पष्ट सांगितलं होतं, की आपल्या राज्यघटनेने प्राण्यांना मूलभूत हक्क दिल्याचं उदाहरण नाही. हे वाक्य शर्यतवाल्यांनी पाठ केलं. पण त्याच निकालात दुसरी गोष्ट आहे आणि तिच्यावर कोणी फ्लेक्स लावलेला नाही. नव्या कायद्याने आणि नियमांनी जनावराच्या वेदना बऱ्याच कमी होतात, या आधारावर शर्यतींना परवानगी मिळाली आहे. आणि नियम काटेकोर पाळले जातात की नाही याची जबाबदारी जिल्हाधिकाऱ्यांवर व सक्षम अधिकाऱ्यांवर टाकलेली आहे. थोडक्यात, शर्यत जिंकली ती कल्याणाच्या अटीवर. अट मोडली की आधारच गेला. ‘हक्कवाले हरले’ म्हणून आनंद मानणाऱ्यांनी आपल्याच विजयाची अट वाचलेली नाही.

ती अट घाटावर, म्हणजे शर्यतीच्या मैदानावर, कशी दिसायला हवी, हे जवळून पाहू. धावपट्टी १,००० मीटरपेक्षा लांब नको. काठी, चाबूक, पराणी, विजेचा झटका यांतलं काहीही नको. शर्यतीआधी पशुवैद्याने बैल तपासलेला हवा. आता तपासणी म्हणजे दुरून बघून कागदावर शिक्का मारणं नव्हे. पुठ्ठ्यावर हात फिरवला तर पराणीच्या आरीने टोचलेले बारीक खडे हाताला लागतात. केसांखाली असल्याने ते डोळ्यांना दिसत नाहीत. शेपटी पिरगळून पिरगळून मणके सरकलेले असले तर ती सरळ लोंबत नाही. वेसणीची जागा ओली आणि लाल आहे का, ते नाकपुडी उघडून पाहावं लागतं. खांद्यावर जिथे जू बसतं तिथले केस आधी झडतात, मग कातडी सुजते, हाताला गरम लागते आणि शेवटी फुटते. खांदा आलेला बैल हात लावताच मान चोरतो. शर्यतीनंतर तोंड उघडं टाकून, जीभ बाहेर काढून धापा टाकणाऱ्या आणि लाळ गाळणाऱ्या बैलाला दुसऱ्या फेरीला उभं करता येत नाही. हे ओळखायला तत्त्वज्ञान लागत नाही. लागतो तो माणूस, वेळ आणि आयोजकाला ‘हा बैल आज पळणार नाही’ असं तोंडावर सांगण्याची धमक. शेकडो बैल एका सकाळी उतरत असतील आणि पशुवैद्य एक-दोनच असतील, तर प्रमाणपत्र कशाचं दिलं जातं, हे विचारायचा अधिकार प्रत्येक प्रेक्षकाला आहे.

शर्यतवाले म्हणतील, आम्ही बैलाला पोटच्या पोरासारखं जपतो. यात खोटं काही नाही. शर्यतीच्या खिलाराला जो खुराक मिळतो तो कित्येक घरांतल्या मुलांनाही मिळत नाही, आणि नांगराच्या बैलाच्या तर स्वप्नातही नसतो. पण माया हा पुरावा नव्हे. मायेने वाढवलेला बैल शेपटी चावून पळवला तर त्याला दुखायचं ते दुखतंच. आणि परंपरेचंच म्हणाल तर तिचंही नीट ऐका. पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदेमळणी असते. वर्षभर जुवाखाली राबलेला खांदा गरम पाण्याने शेकून त्याला तूप-हळद चोळतात. बैलाला नेमकं कुठे दुखतं, हे त्या परंपरेला माहीत होतं. परंपरेचं नाव घेऊन पराणीची आर लपवणाऱ्याला तिचा आधार घेता येणार नाही.

इथे हक्कवादी मित्र म्हणतील, हेच तर आम्ही सांगतोय. माया असो वा नियम, वापर तो वापरच. त्यांचा सर्वांत धारदार युक्तिवाद गॅरी फ्रँसिओन या अमेरिकी कायदेपंडिताचा आहे. जनावर कायद्याने मालमत्ता आहे, तोवर त्याच्या वेदना आणि मालकाचा फायदा एका तराजूत घातल्यावर मालकाचं पारडं जडच राहणार. ‘अनावश्यक वेदना’ म्हणजे काय हे शेवटी धंदाच ठरवणार, असं तो म्हणतो. हे म्हणणं झटकून टाकता येत नाही. १९६०च्या कायद्यात पहिल्या गुन्ह्याला दंड आहे १० ते ५० रुपये. म्हशीला काठीने बडवून तिचं हाड मोडलं तरी दंड पन्नास रुपये. २०२२ साली केंद्राने दुरुस्तीचा मसुदा जाहीर केला. दंडाचा आकडा अजून तिथेच आहे. त्याउलट २०१७च्या महाराष्ट्राच्या दुरुस्तीत शर्यतीच्या अटी मोडणाऱ्याला पाच लाखांपर्यंत दंड किंवा तीन वर्षांपर्यंत कैद आहे. एकाच राज्यात धावणाऱ्या बैलाच्या वेदनेची किंमत पाच लाख आणि गाडी ओढणाऱ्या बैलाच्या वेदनेची पन्नास रुपये. कल्याणाचा कायदा इतका दुबळा असताना लोक हक्कांकडे वळले तर त्यांना दोष देता येत नाही.

पण त्यावरचा उतारा हक्क आहे का, याचं उत्तर आपल्याच देशात मिळालेलं आहे. ४ जुलै २०१८ रोजी उत्तराखंड उच्च न्यायालयाने सगळ्या प्राणिसृष्टीला कायदेशीर व्यक्तीचा दर्जा दिला. पुढच्या वर्षी पंजाब आणि हरियाणा उच्च न्यायालयानेही तसंच केलं. याहून मोठी घोषणा होऊ शकत नाही. मूळ याचिका नेपाळच्या हद्दीवर बनबसा इथे चालणाऱ्या घोडागाड्यांबद्दल होती. घोषणा संपून प्रत्यक्ष आदेशांची वेळ आली तेव्हा न्यायालयाने काय सांगितलं? ओझं किती असावं, किती तास जुंपावं, किती उन्हात जुंपू नये. म्हणजे हक्कालाही अंमलात यायचं तर किलो, तास आणि अंशांच्याच भाषेत यावं लागलं. आणि त्याच राज्यात केदारनाथच्या वाटेवर २०२२च्या यात्रेत खेचरं मरून पडत असल्याच्या बातम्या देशभर गाजल्या. कायद्याने व्यक्ती ठरलेल्या खेचरालाही पाणी पाजणारा आणि पाठीवरचं ओझं तपासणारा माणूस कोणीतरी नेमावाच लागतो. तो न नेमता दिलेला हक्क म्हणजे वसुली नसलेली डिक्री.

याच्या उलट, कल्याण नेहमी ‘थोडं सुधारा आणि चालू ठेवा’ एवढंच सांगतं, हाही गैरसमज आहे. नांदणीच्या हत्तिणीचं प्रकरण आठवा. शिरोळ तालुक्यातल्या जैन मठात १९९२ पासून असलेली महादेवी, लोकांची माधुरी. १६ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने तिला जामनगरच्या हत्ती केंद्रात हलवायला सांगितलं, २८ जुलैला सर्वोच्च न्यायालयाने ते कायम केलं आणि अख्खा कोल्हापूर जिल्हा रस्त्यावर आला. लोकांच्या डोळ्यांतलं पाणी खरं होतं. त्या हत्तिणीचे पाय सडले होते, नखं वाढली होती, सांधे धरले होते आणि ती उभ्या जागी सतत डोकं हलवत होती, हेही तितकंच खरं होतं. हत्तीला मैलोन्मैल चालायला लागतं, पायाखाली माती लागते, आणि हत्तीण तर कळपात राहणारा जीव. ओंजळीने गूळ भरवणाऱ्या हजार भक्तांकडून यातलं काहीही मिळू शकत नाही. न्यायालयाच्या आदेशात हत्तिणीच्या हक्काची भाषा आहे. पण त्याला वजन आलं ते तिच्या पायांच्या तपासणी अहवालांनी. तुलनेसाठी बघा: न्यूयॉर्कच्या ब्राँक्स प्राणिसंग्रहालयातल्या हॅपी नावाच्या हत्तिणीसाठी निव्वळ हक्काच्या तत्त्वावर बंदीप्रत्यक्षीकरणाची याचिका केली होती. १४ जून २०२२ रोजी तिथल्या सर्वोच्च पातळीच्या न्यायालयाने ती पाच विरुद्ध दोन मतांनी फेटाळली.

हत्तीच्या बाबतीत कल्याण प्रामाणिकपणे मोजलं तर उत्तर ‘पाळूच नका’ असंच येतं. हजारो वर्षं माणसाबरोबर राहिलेल्या बैलाच्या बाबतीत तसं येत नाही. दोन जनावरांना दोन उत्तरं, कारण मोजणी दोघांची वेगळी. आणि ही मोजणी जामनगरलाही सोडत नाही. श्रीमंताच्या अंगणात गेलेली हत्तीण सुखीच असणार, हेही गृहीत धरायचं नाही. सर्वोच्च न्यायालयाने त्या केंद्राच्या चौकशीसाठी विशेष पथक नेमलं आणि सप्टेंबर २०२५ मध्ये त्याचा निर्वाळा स्वीकारला. तपासणी एकदा होऊन संपत नसते. ती पुढेही व्हायला हवी, एवढं म्हटलं की पुरे.

आता अशा एका तिसऱ्या गोष्टीकडे येऊ, जी कल्याण आणि हक्क या दोघांच्याही कपड्यांत वावरते. १९७६च्या कायद्याने महाराष्ट्रात गोहत्येला बंदी होती. १९९५च्या दुरुस्तीला २०१५ साली राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली आणि बैल व वळूही त्या बंदीत आले. शिक्षा पाच वर्षांपर्यंत. हा प्राण्यांच्या बाजूचा कायदा आहे, असं अनेकांना मनापासून वाटतं. कल्याणाच्या कसोटीवर तो बसत नाही, कारण म्हातारा बैल खाणार काय, राहणार कुठे, आजारी पडला तर त्याला शांत मरण कोण देणार, यातलं काहीच तो विचारत नाही. भाकड जनावर विकता येईना आणि पोसता येईना, हे शेतकऱ्याचं गाऱ्हाणं त्यातूनच आलं. हक्काच्या कसोटीवरही तो बसत नाही. जगण्याचा हक्कच द्यायचा असता तर म्हशीने आणि बोकडाने काय घोडं मारलं होतं? हा पावित्र्याचा कायदा आहे. पावित्र्य मानायला हरकत नाही, पण त्याला भूतदया म्हणू नका. २०१५ साली बैलाला मारू नका म्हणणारं आणि २०१७ साली त्याला पळवू द्या म्हणणारं राज्य एकच. दोन्ही वेळा बैल निमित्ताला आणि संस्कृती व्यासपीठावर.

आणि ज्या बैलाच्या बाजूने ना संस्कृती उभी राहते ना हक्क, तो ऊसवाहतुकीचा बैल. बीडकडून आलेला गाडीवान मुकादमाकडून उचल घेतो, कारखान्याची टायरगाडी भाड्याने घेतो आणि टनामागे मिळणाऱ्या पैशांवर ती उचल फेडतो. टन वाढला तरच हाती काही पडणार. मग गाडीवर मोळ्यांचा थर चढत जातो आणि चढावर बैल गुडघ्यावर येतो. इथे गाडीवान क्रूर नसतो. त्याची बायको मोळी उचलून मोडलेली असते आणि बैल ओढून. ओझ्याच्या जनावरांसाठी १९६५ सालचे केंद्रीय नियम आहेत: दिवसात नऊ तासांपेक्षा जास्त नाही, विश्रांतीशिवाय सलग पाच तासांपेक्षा जास्त नाही, आणि पारा ३७ अंशांवर असेल तर दुपारी बारा ते तीन जुंपायचं नाही. ओझ्याचीही मर्यादा ठरलेली आहे. मार्चमधल्या दुपारी कारखान्याच्या गव्हाणीबाहेर जुंपलेल्या गाड्यांची रांग ज्याने पाहिली आहे, त्याला या नियमांचं काय होतं ते सांगायला नको. शर्यत वर्षातून काही मिनिटांची, हा हंगाम महिनोन्‌महिने. तरी गाजलेल्या याचिका शर्यतीवरच्या, आंदोलनंही शर्यतीसाठीच. उसाच्या गाडीत तमाशा नाही आणि तिच्या मागे कारखाना उभा आहे.

पिंजऱ्यातल्या कोंबडीचंही असंच. छापायच्या साध्या कागदापेक्षा कमी जागेत ती अंडी घालते, पंख पसरू शकत नाही. विधी आयोगाने २०१७ साली आपल्या २६९व्या अहवालात तिच्यावर लिहिलं. युरोपीय संघाने तसले पिंजरे १ जानेवारी २०१२ पासून बंद केले, आणि ते कोणत्याही कोंबडीला व्यक्ती न ठरवता, जागेची मापं ठरवून. कल्याणाने काहीच बदलत नाही म्हणणाऱ्यांनी हे उदाहरण एकदा तपासावं.

शेवटी त्या पहिल्या धास्तीला उत्तर देतो. हक्कवाले बैल नेतील म्हणणाऱ्यांनो, तुमच्या गावातले बैल कोणी नेले ते आठवा. ट्रॅक्टरने नेले, चाऱ्याच्या भावाने नेले, वाटण्या होऊन तुकडा झालेल्या शिवाराने नेले. कोणत्या कोर्टाने नेलेले नाहीत. पाळीव जनावरांची पैदास थांबवून त्या जाती संपू द्याव्यात, असं फ्रँसिओनसारखे विचारवंत उघडपणे म्हणतात, हे खरं. मला ते मान्य नाही. पण त्यांच्या नावाने बागुलबुवा उभा करून चाबकाचा नियम टाळता येणार नाही. शर्यतीमुळे खिलार टिकली, हा दावाही अर्धाच खरा. पळणारे मोजके बैल म्हणजे जात नव्हे. जात टिकते ती गोठ्यातल्या गाईवर आणि शेतकऱ्याला परवडण्यावर.

म्हणून मागणी साधी ठेवू. १९६०च्या कायद्यातला पन्नास रुपयांचा दंड बदला. प्रत्येक घाटावर किती बैलांमागे एक पशुवैद्य ते ठरवा आणि त्याने नाकारलेल्या बैलांची यादी लोकांसमोर लावा; एकही बैल नाकारला न गेलेल्या मैदानाची चौकशी करा. साखर कारखान्याच्या काट्यावर प्रत्येक गाडीचं वजन होतंच, ते १९६५च्या मर्यादेशी ताडून पाहा आणि जादा ओझ्याची जबाबदारी गाडीवानावर न टाकता कारखान्यावर टाका. यातल्या कशासाठीही राज्यघटना बदलावी लागत नाही. आणि पुढच्या जत्रेला घाटावर जाल तेव्हा आयोजकांकडे पशुवैद्याचं प्रमाणपत्र मागा. ते मिळालं नाही तर जिल्हाधिकाऱ्यांकडे लेखी तक्रार करा. सर्वोच्च न्यायालयाने जबाबदारी त्यांच्यावरच टाकलेली आहे.